न उतरणारे तीन पाहुणे

डोळे मिट आणि जरा एक चित्र समोर आण बघू. तुझ्या हातात एक हातगाडी आहे, अगदी रिकामी. ढकल. एका बोटाने ढकललीस तरी पळते. आता तिच्यावर तांदळाचं एक पोतं ठेव. वर आणखी एक. ढकल आता. हलायलाच तयार नाही ना? पाय रोवून, दात-ओठ खाऊन जोर लावलास की कुरकुरत हलते. आणि एकदा हलली, चालू लागली, की समोर मांजर आडवं आलंय असं समज आणि थांबव पाहू! थांबायलाही तयार नाही. तुलाच ओढून चार पावलं पुढे नेते. ओझ्याचा स्वभावच असा. बसलं असेल तर उठायचं नाही, उठलं असेल तर बसायचं नाही.

आता ती हातगाडी पुसून टाक आणि तिच्या जागी एक मोटार आण. चार दारांची, लांबट, बसकी, मागे सामानाची डिकी असलेली. लोक तिला सेडान म्हणतात. रंग पांढरा. ही चंद्रावतीआत्याची गाडी. आणि तिच्या मागच्या बाकावर दप्तर मांडीवर घेऊन बसलेली, नाक खिडकीच्या काचेला लावलेली मुलगी म्हणजे निशा. सातवीतली.

पनवेलच्या खाडीकडचं हे गाव. एकेकाळी भातखाचरं आणि मिठागरं, आता चहूबाजूंनी टॉवर आणि मध्ये बिचकून बसल्यासारखी जुनी घरं. गावात मोटारींना तोटा नव्हता. जमिनी गेल्या, त्यांचे पैसे आले आणि घरटी एक मोटार आली. पण त्या सगळ्या पुरुषांच्या हातात. स्वतःच्या पगारातून स्वतःची गाडी घेऊन ती स्वतः चालवणारी गावातली पहिली बाई म्हणजे निशाची आत्या. तळोज्याच्या एका कारखान्यात ती प्रयोगशाळेत काम करायची. सकाळी वाटेत निशाला शाळेत सोडायची आणि पुढे कामावर जायची. गाडी पहिल्यांदा दारात आली तेव्हा नाक्यावर बसणारे चार जण उगाच उठून उभे राहिले होते, म्हणे आरशात बघून तरी वळवते का ते बघू. तिने एका दमात वळवली.

गाडी तेव्हा वाऱ्यासारखी होती. मग तिच्यात पाहुणे येऊन बसू लागले.

पहिला पाहुणा आणला आजोबांनी. निशाचे आजोबा, बळीराम, तरुणपणी मचव्यावर होते. मिठागरातलं मीठ त्या शिडाच्या होडीत भरायचं आणि खाडीतून मुंबईच्या बंदरावर न्यायचं, हे त्यांचं काम. परत येताना मचवा रिकामा. रिकामी होडी पाण्यावर सुपारीसारखी डुलते, वाऱ्याच्या एका झोताने कलंडते. म्हणून तिच्या तळाला दगड भरायचे. त्या दगडांना म्हणतात निरम. निरमाशिवाय आजोबांनी आयुष्यात कधी किनारा सोडला नव्हता.

त्यांनी नव्या गाडीच्या टपावर हात ठेवून ती गदागदा हलवली आणि मान हलवली.

"हलकी हाय गो, चंद्रे. न्हावा शेव्याचे कंटेनर बाजूनं गेले की पाचोळ्यागत उडंल. पोटात निरम पाहिजे."

आणि शेवटच्या मिठागराची आठवण म्हणून पडवीत ठेवलेली जाड मिठाची दोन पोती त्यांनी डिकीत घातली. बापाचा जीव तो. आत्या हसली आणि तिने पोती राहू दिली.

दुसरा पाहुणा निकेशकाकाने आणला. निकेश आत्याचा धाकटा भाऊ. त्याला ती गाडी म्हणजे पत्र्याचा डबा वाटायची. "ताई, डब्याला कोन घाबरतंय?" म्हणून त्याने पुढे आणि मागे लोखंडी नळ्यांचे जाडजूड गार्ड बसवून आणले. पुढच्या गार्डवर लाल रेडियमने मोठ्ठं लिहिलं, 'निकेश'.

तिसरा पाहुणाही त्याचाच. हळदीला नाचायला लागणारा स्पीकरचा खोका. तो घरात मावेना, म्हणून डिकीत. दोन दिवसांसाठी ठेवतो म्हणाला, त्याला वर्ष झालं.

गाडी हळूहळू बदलली, इतकी हळू की कोणाच्या ध्यानात येऊ नये. पेट्रोलचा काटा पूर्वीपेक्षा लवकर खाली येऊ लागला. सिग्नलला हिरवा दिवा लागला की मागचे हॉर्न वाजवायचे आणि ही आपली धापा टाकत निघायची. शाळेजवळच्या गतिरोधकावर पोट घासून असा आवाज यायचा की निशा पाय वर घ्यायची. मागची बाजू बसलेली, पुढची उचललेली. त्यामुळे दिवे लावले की रस्त्याऐवजी समोरच्या माणसाच्या डोळ्यांत जायचे आणि लोक शिव्या घालायचे. एकदा पुढचा रिक्षावाला अचानक थांबला. आत्याने वेळेवर ब्रेक दाबला, पण गाडी थांबता थांबेना. रिक्षाच्या मागे वीतभर जागा उरली तेव्हा कुठे थांबली. 

आणि या सगळ्याचं कारण गावाने केव्हाच शोधून ठेवलं होतं. बाई चालवते.

घटस्थापनेच्या दिवशी सगळे टेकडीवरच्या देवीला निघाले. आत्या चालवायला, शेजारी आजोबा, मागे निशा, निशाची आई रमा आणि निकेशकाका. टेकडीचा रस्ता अरुंद आणि चढाचा. शेवटच्या वळणावर डांबर उखडून बारीक खडी झाली होती. तिथे गाडी थबकली. आत्याने जोर दिला, तर पुढची चाकं जागच्या जागी गरगर फिरली, खडी उडाली आणि गाडी हळूच मागे सरकू लागली. रमा किंचाळली. आत्याने हँडब्रेक ओढला. मागे नवरात्राच्या गाड्यांची रांग. कोणीतरी ओरडलं, "ओ मावशी, चालवायला पुरुष नाय काय घरात?" रांगभर हशा पिकला. निकेशकाका उतरला, आत्याला बाजूला सरायला सांगितलं, सगळ्यांना खाली उतरवलं आणि रिकामी गाडी वर घेऊन गेला.

"बघा," तो वर पोचून म्हणाला, "माझ्याकडून चढली."

देवीपुढे आत्याने डोळे मिटले ते लवकर उघडलेच नाहीत. घरी आल्यावर तिने गाडीची किल्ली खुंटीला अडकवली आणि दुसऱ्या दिवसापासून कंपनीच्या बसने जाऊ लागली. निकेशकाकाने घरात जाहीर केलं, की दसऱ्याला एक माणूस गाडी बघायला येणार आहे. ही विकायची आणि उंच, दणकट, घरच्या पुरुषांना शोभेलशी मोठी गाडी आणायची. "ती मी चालवीन. ताईला जिथं जायचं तिथं मी सोडीन."

आत्या उठून आत गेली.  एरवी ती असं ऐकून घेणारी नव्हती.

"काका, तू रिकामी चढवलीस," निशा म्हणाली. "आत्याकडे पाच माणसं होती."

"गप गो. बोटाएवढी पोर, मला गाडी शिकवते."

निशा गप्प बसली नाही, पण पुढे काय बोलायचं हे तिला तेव्हा सुचलं नाही. आत्याची चूक नाही एवढं तिला पक्कं माहीत होतं. कारण मात्र सापडत नव्हतं.

ते सापडलं पाण्याच्या जारमुळे. पंचमीला पाणी आलं नाही. रमाने तिला सायकलवरून दुकानातून पिण्याच्या पाण्याचा जार आणायला पाठवलं. दुकानदाराने जार कॅरिअरवर बांधून दिला. निशा निघाली, तर हँडल हातात असूनही नसल्यासारखं. इकडे वळवावं तर सायकल तिकडे जाते. नाल्यावरच्या पुलाचा छोटासा चढ लागला, तिने पेडल दाबलं आणि पुढचं चाक चक्क जमिनीवरून उचललं गेलं! ती कशीबशी उतरली आणि सायकल धरून तिथेच उभी राहिली. मागचं ओझं मागचा भाग दाबतं, पुढचा उचलतं. आत्या तक्रार करायची तेही हेच, की हल्ली स्टिअरिंग हलकं लागतं. आणि आत्याची गाडी ओढतात पुढची चाकं. ती रस्त्याला नीट टेकलीच नाहीत तर ओढणार कशाने? नुसती गरगर फिरणार.

तू पण करून बघ, पण मोकळ्या अंगणात आणि कोणीतरी मोठं जवळ असताना.

घरी येऊन तिने डिकी उघडली. मिठाचं पोतं दोन्ही हातांनी ओढलं. हललं नाही. आईला बोलावलं. दोघींनी मिळून ओढलं तेव्हा काठापर्यंत आलं, आणि रमा कमरेवर हात ठेवून म्हणाली, "अगो बाय, हे तर माझ्याएवढं हाय!"

"हाय ना? म्हणजे एक तू. दुसरं पोतं म्हणजे दुसरी तू. आणि दोन गार्ड नि हा खोका मिळून तिसरी तू." निशाचे डोळे मोठे झाले. "आई, आपण पाच जण नव्हतोच गेलो. आपण आठ होतो. तीन पाहुणे वर्षभर गाडीत बसलेत आणि उतरतच नाहीत!"

"आणि तिन्ही माझ्याएवढे खातेपिते," रमा म्हणाली. "मग बिचारी गाडी काय करील?"

अष्टमीच्या सकाळी सगळे ओट्यावर चहा घेत होते. निशा आजोबांच्या पायाशी बसली.

"आजोबा, मचव्यात निरम कधी घालायचे?"

आजोबा खुलले. या विषयावर त्यांना कोणी विचारत नसे. "रिकामा असला की. रिकाम्या मचव्याला वारा खेळवतो. दगड घातले की तो पाण्यात बसतो."

"आणि मीठ भरलं की?"

"मीठ भरलं की दगड काढून धक्क्यावर टाकायचे."

"का? राहू दिले तर?"

"येडी काय गो? भरल्या मचव्यात निरम ठेवला तर तो बुडंल! कडेपर्यंत पाणी येतं. आणि ठेवायचं असलं तरी मध्यावर, तळाला. मागं ठेवलं तर नाळ, म्हंजे पुढचं टोक, वर उचलतं, सुकाणू ऐकत नाय. हे तर लहान पोराला बी..."

आजोबा थांबले. कप ओठांपाशीच राहिला.

"आत्याच्या गाडीत आपण पाच जण बसलो की ती भरली ना, आजोबा?" निशा म्हणाली. "मग निरम अजून डिकीत कशाला? आणि तो पण सगळा मागच्या टोकाला?"

 निकेशकाका हसला. "मचवा आणि मोटार एक काय गो? काय पण गोष्टी!"

आजोबांनी कप खाली ठेवला. "मी पोती घातली तवा तू एकदा बी नको बोल्ला नाय. तवा दात काढून उचलू लागलास."

"पण बाबा, हायवेला कंटेनरचा वारा—"

"वारा लागतो, खरं हाय," निशाच म्हणाली, आणि तिने आजोबांकडे बघितलं. "आजोबांचं तेवढं खोटं नाय. जड गाडी वाऱ्यानं कमी हलते. पण पुढचा कंटेनर अचानक थांबला तर जड गाडी थांबत पण नाय. त्या दिवशी रिक्षाच्या मागे आमी वीतभर वाचलो. हलली तर आत्या वेग कमी करील, स्टिअरिंग घट्ट धरील. थांबली नाय तर काय करील?"

आजोबा उठले. गाडीपाशी गेले आणि डिकी उघडून त्यांनी स्वतःच्या हातांनी पहिल्या पोत्याला हात घातला. म्हातारे हात, पण ओझ्याचे सरावलेले. निशा आणि रमा धावल्या. पोती बाहेर आली, स्पीकरचा खोकाही बाहेर आला. पोत्यांखालची चटई उचलली, तर खालचा पत्रा तांबूस आणि पापुद्र्यांचा. वर्षभर दमट हवेत मिठाला पाणी सुटत होतं आणि ते झिरपत होतं. आजोबांनी नखाने खरवडलं. गंजाचा भुगा हातावर आला.

"लाकडाला मीठ राखतं," ते म्हणाले. "लोखंडाला खातं. मोटार लोखंडाची हाय, हेच माझ्या ध्यानात नाय आलं."

"काढलीत ना पोती? झालं समाधान?" निकेशकाका खुर्चीतून न उठता म्हणाला. "आता चढवून दाखवा. तेच पाच जण, तीच टेकडी. मी बी बसतो मागं. चढली तर मी गप्प. नाय चढली तर दसऱ्याला गाडी गेली. आणि माझ्या गार्डला हात लावायचा नाय."

सगळ्यांच्या नजरा आत्याकडे गेल्या. ती दारात उभी होती.

"मला कोणाला काही दाखवायचं नाही," ती म्हणाली.

निशाचा चेहरा पडला. पण आत्या आत गेली आणि खुंटीवरची किल्ली घेऊन बाहेर आली.

"दाखवायला नाही चालले. त्या दिवशी देवीचं दर्शन धड झालं नाही, म्हणून चाललेय. ज्याला यायचं त्याने बसावं. आणि निकेश, बसलास तर बेल्ट लाव, तोंड बंद ठेव."

गाडी निघाली ती निशाला पहिल्याच वळणावर वेगळी वाटली. गतिरोधक आला, निशाने सवयीने पाय वर घेतले, पण खाली काही घासलं नाही. सिग्नलला मागच्याने हॉर्न वाजवायच्या आत ती निघालेली होती. आत्याच्या खांद्यांवरचा ताण हळूहळू उतरताना निशाला मागून दिसत होता.

टेकडी आली. ऊन चढलं होतं. अष्टमीची गर्दी, पुढे-मागे गाड्या. शेवटचं वळण, तीच खडी. निकेशकाकाने पुढच्या सीटची पाठ धरली. रमाने देवीचं नाव घेतलं. आत्याने आधीच गिअर उतरवला, गडबड केली नाही, पाय एकसारखा ठेवला. चाकं एकदा घसरली. खडीचा आवाज झाला आणि निशाने डोळे मिटून घेतले. मग काहीतरी घट्ट धरल्यासारखं खालून जाणवलं. चाकांनी रस्ता पकडला होता. गाडी कण्हली, पण चढत राहिली, आणि खडीनंतरच्या डांबरावर आल्यावर जणू सुटलीच.

वर पोचल्यावर कोणीच टाळ्या वाजवल्या नाहीत. आजोबांनी दार उघडलं, उतरले आणि टपावर थोपटलं, तसंच, जसं ते कधीकाळी किनाऱ्याला लागलेल्या मचव्याला थोपटत असतील.

"त्या दिवशी खडी ओली होती," निकेशकाका म्हणाला.

"गप्प राहीन बोल्ला होतास," रमा म्हणाली.

दसऱ्याच्या सकाळी आत्याने गाडी धुतली. झेंडूचं तोरण लावलं, चाकांखाली लिंबं ठेवली. शेजारी पाटावर आदल्या दिवशी पूजेला मांडलेली हत्यारं होती. आजोबांचा मीठ ओढायचा लाकडी फावडा, कोयता, विळी आणि गाडीचा लांब दांड्याचा पाना, सगळ्यांना हळद-कुंकू लावलेलं. गाडी बघायला येणाऱ्या माणसाला आजोबांनी फोन करून सांगून टाकलं होतं, की येऊ नको, गाडी चालवणारी बाई हाय घरात.

निकेशकाका स्पीकरचा खोका उचलून डिकीपाशी आला.

"कुठे?" आत्याने विचारलं.

"संध्याकाळी देवीची मिरवणूक हाय. तोवर राहू दे इथं."

"मिरवणुकीला टेम्पो आहे."

"दोन दिवस, ताई."

"तुझे दोन दिवस मी वर्षभर वाहिलेत," आत्या म्हणाली आणि तिने डिकी बंद केली. "आणि आता तो गार्डही निघू दे."

निकेशकाकाचा चेहरा लाल झाला. खोका त्याने धाडकन खाली ठेवला. "गार्डला हात लावायचा नाय! माझं नाव हाय त्याच्यावर."

"आत्याच्या गाडीवर तुझं नाव कशाला?" निशाने विचारलं.

"तू मध्ये बोलू नको! नट गंजलेत सगळे. मिस्त्री बी हात टेकील. काढायचाय तर काढा, बघू कोन काढतंय ते. पोरीबाळींचं काम हाय काय?" आणि तो हाताची घडी घालून हसत उभा राहिला. नाक्यावरचे दोघे-तिघेही रेंगाळत येऊन थांबले.

आत्याने आजोबांकडे बघितलं. आजोबांनी पाटाकडे बघितलं, मग नातीकडे, आणि मान किंचित हलवली.

निशा पाटापाशी गेली. वाकून नमस्कार केला, पान्यावरचं झेंडूचं फूल उचलून बाजूला ठेवलं आणि हळदीकुंकवासकट पाना उचलला. गाडीपुढे मातीत गुडघे टेकून तिने तो पहिल्या नटावर बसवला. दोन्ही हातांनी दाबला. नट हलला नाही. मागे कोणीतरी फिदकन हसलं. निशाने मागे बघितलं नाही. ती उठली, चपला काढल्या, एका हाताने लाल अक्षरांतली ती लोखंडी नळी धरली आणि पान्याच्या आडव्या दांड्यावर एक पाय ठेवला, मग दुसरा. आणि आपलं होतं नव्हतं तेवढं सगळं वजन त्याच्यावर टाकून उभी राहिली. पायाखाली गंजलेला नट कुरकुरत हलला.